विश्लेषण : बोट थांबते तासभर, कलेला लागतात महिने! व्हेनिसच्या कारागीर बेटांची सहल कशी असते, कशी करावी?

उन्हाळ्याच्या सुट्टीत नाशिकहून युरोपच्या ग्रुप टूरला निघणाऱ्यांच्या कार्यक्रमपत्रिकेत इटलीतील व्हेनिसचा एक दिवस ठरलेला असतो. गोंडोलाची फेरी, सेंट मार्क चौक, कबुतरांसोबत फोटो आणि त्याखाली बारीक अक्षरांत ‘ऐच्छिक : मुरानो-बुरानो बोट सहल’. नेमके काय पाहायला मिळणार याचा फारसा विचार न करताच या ओळीपुढे होकार दिला जातो. परतताना हातात काचेचा एक घोडा असतो, मोबाइलमध्ये रंगीत घरांचे शे-दीडशे फोटो असतात आणि घोड्यासाठी जास्त पैसे गेले की काय, अशी रुखरुखही असते. खरी पैठणी कोणती आणि पैठणीसारखी दिसणारी साडी कोणती, या प्रश्नाशी रोजचा परिचय असलेल्या नाशिककरांना तरी या बेटांची गोष्ट परकी वाटू नये.

बोटीची ही सहल नेमकी असते कशी?

व्हेनिस शहर ज्या उथळ खाजणात वसले आहे, त्यात अनेक लहान-मोठी बेटे आहेत. त्यातील तीन पर्यटकांच्या वाटेवर येतात. काचकामासाठी मुरानो, लेससाठी बुरानो आणि जुन्या चर्चसाठी तोर्चेल्लो. मुरानो शहराच्या उत्तरेला अगदी हाकेच्या अंतरावर, जेमतेम दीड किलोमीटर आहे. बुरानो सुमारे सात किलोमीटरवर आणि तोर्चेल्लो बुरानोला लागूनच.

मार्गदर्शकासह निघणारी बोट साधारण चार ते पाच तासांत ही तिन्ही बेटे ‘करून’ आणते. मार्गदर्शक चार-पाच भाषांत तेच ते वाक्य पुन्हा सांगतो. मुरानोला काचेच्या भट्टीतले प्रात्यक्षिक आणि लगेच शेजारचे दुकान, बुरानोला तासभर मोकळा वेळ, तोर्चेल्लोला अर्धा-पाऊण तास. प्रवासाचा वेळ वजा केला तर एकेका बेटाच्या वाट्याला फार काही उरत नाही. शिवाय बोट सुटण्याची वेळ पक्की. उशीर झाला तर ती थांबत नाही.

दुसरा मार्ग सार्वजनिक जलवाहतुकीचा. व्हेनिसमध्ये बस नाही, तिथे ‘वापोरेत्तो’ म्हणजे प्रवासी बोट हीच बस. फोंदामेन्ते नोवे या धक्क्यावरून १२ क्रमांकाची बोट मुरानोमार्गे बुरानोला जाते. मुरानो दहा मिनिटांवर, बुरानो पाऊण तासाच्या आसपास. एका फेरीचे तिकीट अलीकडच्या काळात साडेनऊ युरो आणि दिवसभराचा पास २५ युरो असा दर राहिला आहे. तीन बेटे करायची तर पासच परवडतो. यात मार्गदर्शक नसतो, पण मुरानोला तीन तास काढायचे की वीस मिनिटांत निघायचे, हे ठरवण्याचा हक्क प्रवाशाकडे राहतो. ग्रुपमधून निघून असे स्वतंत्र जायचे असेल, तर टूर मॅनेजरला आदल्या दिवशीच सांगितलेले बरे.

काच मुरानोलाच का? शहरात का नाही?

याचे उत्तर आगीत आहे. तेराव्या शतकात व्हेनिसमधील बहुतेक घरे लाकडी होती आणि काचेच्या भट्ट्या रात्रंदिवस पेटत्या असत. १२९१ मध्ये व्हेनिसच्या प्रजासत्ताकाने शहरातल्या भट्ट्या मुरानोला हलवण्याचा हुकूम काढला. आगीची भीती हे कारण खरेच होते, पण त्यातून दुसरा फायदाही साधला. सगळे कारागीर एका बेटावर आले की त्यांच्यावर लक्ष ठेवणे सोपे. काच हा तेव्हा व्हेनिसच्या व्यापाराचा कणा होता आणि ती कशी बनवायची, हे राज्याचे गुपित होते.

मुरानोच्या उस्तादांना मान मोठा होता. त्यांच्या मुलीचे लग्न सरदार घराण्यात झाले, तरी होणाऱ्या मुलांची सरदारकी जात नसे. त्या काळच्या युरोपात हातावर पोट असलेल्या माणसाला अशी सवलत मिळणे ही लहान गोष्ट नव्हती. मात्र परवानगीशिवाय प्रजासत्ताक सोडून जायला बंदी होती. सोन्याचा पिंजराच म्हणायचा. पंधराव्या शतकात आंजेलो बारोव्हिएर या उस्तादाने स्फटिकासारखी पारदर्शक काच सिद्ध केली आणि मुरानोची कीर्ती युरोपभर पसरली. तरीही गुपित कायमचे टिकले नाहीच. १६६५ च्या सुमारास फ्रान्सचा राजा चौदावा लुई याचा मंत्री कोल्बेर याने मुरानोचे आरसे बनवणारे कारागीर आमिष दाखवून पॅरिसला नेले. पुढे व्हर्सायच्या राजवाड्यातील प्रसिद्ध आरसेमहाल उभा राहिला तो फ्रान्समध्ये बनलेल्या आरशांनी.

म्हणजे पाणी हे इथे कुंपण होते. बाहेरच्याने आत येऊ नये आणि आतल्याने बाहेर जाऊ नये, म्हणून कला बेटावर नेली गेली. आज त्याच पाण्यावरून दर काही मिनिटांनी पर्यटकांची बोट लागते.

भट्टीतल्या प्रात्यक्षिकात काय पाहावे?

लाकडी बाकांवर पर्यटक बसतात. समोर भट्टीचे तोंड लाल-पिवळे धगधगत असते. कारागीर लोखंडी फुंकनळीच्या टोकावर मधासारखा घट्ट काचेचा गोळा उचलतो, नळी सतत फिरवत राहतो, फुंकर घालतो आणि बघता बघता फुलदाणी तयार होते. मग चिमट्याने चार ठिकाणी ओढून, मुरगाळून दोन-तीन मिनिटांत घोडा उभा करतो. टाळ्या वाजतात. काही भट्ट्यांमध्ये यासाठी आता काही युरोंचे तिकीट असते, काही ठिकाणी फुकट.

टाळ्या घोड्याला मिळतात, पण पाहण्यासारखी गोष्ट वेगळीच आहे. काम कधी एकट्याचे नसते. मुख्य उस्ताद, त्याचा मदतनीस आणि शिकाऊ पोरगा अशी जोडी जमलेली असते आणि बोलणे फार कमी होते. काच हजार अंशांच्या आसपास तापलेली असताना हात चालवायला मिळतात काही सेकंद. त्यात चूक झाली तर गोळा पुन्हा भट्टीत. तयार झालेली वस्तू लगेच उघड्यावर ठेवली तर तडकते. म्हणून ती दुसऱ्या भट्टीत ठेवून तासन् तास हळूहळू थंड करावी लागते. प्रात्यक्षिकात हा भाग दिसत नाही, कारण तो पाहायला कुणाला वेळ नसतो.

भट्टी विझवता येत नाही, हे अर्थकारणाच्या दृष्टीने सगळ्यात महत्त्वाचे. ती पुन्हा तापवायला दिवस जातात आणि आतले कुंडही तडकू शकते. म्हणून ती वर्षभर पेटती ठेवतात आणि ऑगस्टच्या सुट्टीतच बंद करतात. भट्ट्या चालतात नैसर्गिक वायूवर. २०२१ अखेरपासून आणि युक्रेन युद्धानंतर २०२२ मध्ये युरोपात वायूचे दर कित्येक पटींनी वाढले, तेव्हा मुरानोतील अनेक मालकांना भट्ट्या विझवून बसावे लागले. पर्यटक परतले होते, मागणीही होती, पण गॅसचे बिल काचेच्या किमतीत बसत नव्हते.

ज्यांच्याकडे दोन तास जास्त असतील, त्यांनी १८६१ मध्ये सुरू झालेले तिथले काचेचे संग्रहालय चुकवू नये. रोमन काळातील बाटल्यांपासून आजच्या झुंबरांपर्यंत सारे तिथे आहे आणि विकत घ्या म्हणून मागे लागणारे कुणी नाही. आपल्याकडच्या जुन्या वाड्यांतील हंड्या-झुंबरे ज्यांनी पाहिली आहेत, त्यांचा पाय तिथून लवकर निघणार नाही.

‘फुकट बोट’ किती फुकट?

व्हेनिसमधील अनेक हॉटेलांच्या काउंटरवर किंवा सेंट मार्क चौकाजवळ ‘मुरानोला मोफत बोट’ असा प्रस्ताव येतो. देखणी खासगी मोटरबोट थेट एखाद्या भट्टीच्या दारात नेऊन सोडते. पाच-दहा मिनिटांचे प्रात्यक्षिक होते आणि मग सुटाबुटातला विक्रेता शोरूमच्या एकेका दालनातून फिरवू लागतो. आधी सांगितलेली किंमत झपाट्याने खाली येते, ‘फक्त तुमच्यासाठी’ सवलत निघते. खरेदी झाली तर बोट आणणाऱ्याला त्यातून कमिशन मिळते. खरेदी नाही झाली, तर परतीच्या बोटीचा उत्साह अचानक मावळतो. यात बेकायदा काही नाही. शिर्डी, त्र्यंबकेश्वरच्या वाटेवर गाडीचालक ठरावीक दुकानापुढेच गाडी का थांबवतो, हे ज्यांना माहीत आहे, त्यांना हा व्यवहार समजावून सांगायला नको. बोटीचे भाडे वस्तूच्या किमतीत धरलेले असते, एवढे ध्यानात ठेवून जावे.

खरी मुरानो काच ओळखायची कशी?

इटलीतील व्हेनेतो प्रांताने १९९४ च्या कायद्याने ‘वेत्रो आर्तिस्तिको मुरानो’ हे व्यापारचिन्ह निर्माण केले. मुरानो बेटावरच बनलेल्या काचेवर हे चिन्ह आणि उत्पादकाचा क्रमांक असलेले लेबल लावता येते. मात्र ते ऐच्छिक आहे. लेबल नसलेली वस्तू खोटीच असेल असे नाही आणि नुसते ‘मुरानो स्टाइल’ लिहिलेल्या वस्तूला तर काही अर्थच नाही. व्हेनिसच्या पुलांवर दोन-तीन युरोंना मिळणारी पेंडंट बहुधा दुसऱ्याच देशातून आलेली असतात. हाताने फुंकलेल्या दोन वस्तू तंतोतंत सारख्या नसतात आणि तळाला नळी तोडल्याची खूण, निदान ती घासून काढल्याची जागा, सापडते. सहा ग्लासांचा सेट अगदी साच्यातून काढल्यासारखा एकसारखा असेल, तर शंका घ्यायला हवी.

युरोपीय संघाने २०२३ मध्ये नवा नियम करून खाद्यपदार्थांप्रमाणे हस्तकलेच्या वस्तूंनाही भौगोलिक मानांकनाचे संरक्षण देऊ केले आणि डिसेंबर २०२५ पासून तो लागू झाला. त्या चर्चेत मुरानोच्या काचेचे उदाहरण वारंवार दिले गेले. गंमत म्हणजे या बाबतीत भारत पुढे आहे. आपला भौगोलिक मानांकन कायदा १९९९ चा, तो २००३ मध्ये अमलात आला आणि त्यात हस्तकला पहिल्यापासून आहेत. पैठणीला हे मानांकन २०१० मध्येच मिळाले.

खरेदी मोठी असेल तर आणखी एक गोष्ट. युरोपीय संघाबाहेरच्या पर्यटकाला मूल्यवर्धित कर परत मागता येतो. इटलीने त्यासाठीची किमान खरेदीची मर्यादा २०२४ मध्ये सुमारे १५५ युरोंवरून ७० युरोंवर आणली आहे. एका दुकानात त्याहून जास्त खरेदी झाली तर पासपोर्ट दाखवून पावती मागावी आणि युरोप सोडताना विमानतळावर प्रक्रिया पूर्ण करावी.

बुरानोला गर्दी आहे, मग लेस कुठे आहे?

या सहलीतला सगळ्यात अस्वस्थ करणारा प्रश्न हाच. बुरानो हे मच्छीमारांचे बेट. पुरुष जाळी विणत आणि दुरुस्त करत, बायका सुईदोऱ्याने लेस. खाली कापड न घेता केवळ दोऱ्यावर दोरा गुंफत जाणारी ही सुईची लेस सोळाव्या शतकात युरोपच्या राजघराण्यांत मिरवली. नंतर फॅशन बदलली आणि कला जवळपास संपली. १८७२ च्या कडक हिवाळ्यात मासेमारी बंद पडून बेटावर उपासमार आली, तेव्हा बायकांना काम मिळावे म्हणून लेसची शाळा काढण्यात आली. जुना टाका येणारी चेन्चा स्कार्पारिओला ही एकच वृद्धा तेव्हा उरली होती, असे सांगतात. तिच्याकडून तो टाका पुन्हा शिकला गेला आणि शेकडो मुलींच्या हाताला काम मिळाले. ही शाळा १९७० मध्ये बंद पडली. आता त्याच इमारतीत लेसचे संग्रहालय आहे. काही वृद्ध कारागीर स्त्रिया तिथे बसून काम करताना दिसतात.

एक तुकडा पूर्वी एकाच बाईच्या हातून होत नसे. आराखडा, मुख्य रेघा, भरण, जाळी, उठाव असे साताच्या आसपास टप्पे आणि प्रत्येक टप्प्याची हातखंडा बाई वेगळी. तळहाताएवढ्या कामाला आठवडे लागतात, टेबलावरच्या आच्छादनाला महिने किंवा वर्षही. अशा कामाची किंमत शेकडो युरोंत जाते. बेटावरच्या मुख्य रस्त्यावर दहा-वीस युरोंना लटकलेले रुमाल आणि छत्र्या यंत्रावरच्या असतात आणि पुष्कळशा बाहेरून आणलेल्या असतात.

तरीही बोटी भरून येतात, कारण बुरानोची घरे इंद्रधनुष्यासारखी रंगवलेली आहेत आणि फोटो उत्तम येतात. तासाभराच्या थांब्यात फोटो, आइस्क्रीम आणि एक फ्रिजवर चिकटवायचे चुंबक एवढे सहज उरकते. लेसच्या संग्रहालयापर्यंत पोहोचणारे थोडेच. कलेच्या नावाने सुरू झालेली सहल आता कलेवाचूनही चालू शकते, आणि कारागीर बाईच्या दृष्टीने धोका इथेच आहे. मुरानोत निदान प्रात्यक्षिकाला माणूस लागतो. बुरानोत रंगीत भिंती पुरतात.

तोर्चेल्लोत हस्तकला विकली जात नाही, म्हणून पुष्कळ टूर हे बेट गाळतात. सातव्या शतकात, ६३९ मध्ये पाया घातलेले तिथले चर्च आणि त्यातील भिंतभर मोझेक पाहायचे असेल तरच तिकडे वळावे. एकेकाळी हे गजबजलेले बेट होते. खाजण गाळाने भरले, मलेरिया आला आणि लोक निघून गेले. आज तिथे हाताच्या बोटांवर मोजता येतील इतकीच घरे नांदती आहेत.

व्हिसाशिवाय अशी सहल शक्य आहे का?

आहे, आणि ती भारतातच. आसाममधील माजुली हे ब्रह्मपुत्रेतील बेट जगातील सर्वांत मोठे नदीबेट म्हणून ओळखले जाते. २०१६ मध्ये ते देशातील पहिला बेट-जिल्हा झाले. जोरहाटजवळच्या निमाती घाटावरून फेरी बोट सुटते. माणसे, मोटारसायकली, जीप, भाजीच्या टोपल्या सगळे एकत्र. पलीकडे जायला साधारण तासभर लागतो, प्रवाहाच्या उलट असेल तर जास्त. शेवटची बोट दुपारनंतर लवकर सुटते, त्यामुळे एका दिवसात जाऊन येण्यापेक्षा तिथे मुक्काम करणेच शहाणपणाचे. सप्टेंबर २०२१ मध्ये याच घाटाजवळ दोन बोटींची टक्कर होऊन अपघात झाला, त्यानंतर एकाच इंजिनाच्या खासगी बोटींवर बंदी आली. लाइफ जॅकेट मागून घेण्यात संकोच नको आणि पावसाळ्यात हा बेत आखूच नये.

माजुलीची कला शंकरदेवांच्या वैष्णव परंपरेतून आलेली आहे. तिथल्या मठांना ‘सत्र’ म्हणतात. सामागुरी सत्रात भाओना नाटकांसाठी मुखवटे बनतात. बांबूचा सांगाडा, त्यावर मातीत भिजवलेले कापड, मग माती आणि शेणाचा थर आणि शेवटी रंग. रावण, पूतना, नरसिंह यांचे काही मुखवटे माणसाच्या उंचीचे असतात, काहींचे जबडे हलतात. या सत्रातील हेमचंद्र गोस्वामी यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली आणि २०२४ मध्ये माजुलीच्या मुखवट्यांना भौगोलिक मानांकन. सालमोरा गावात कुंभारांच्या बायका चाकाशिवाय, हाताने थापून मडकी घडवतात. मिसिंग समाजाच्या घरांखाली, बांबूच्या खांबांमधल्या सावलीत, हातमाग चालू असतात. इथे कुणी घड्याळ लावून प्रात्यक्षिक दाखवत नाही. कारागीर कामात असेल तर दिसते, नसेल तर नाही.

माजुलीला भीती पर्यटकांची नाही, नदीची आहे. १९५० च्या मोठ्या भूकंपानंतर ब्रह्मपुत्रेने पात्र बदलत किनारे कुरतडायला सुरुवात केली आणि बेटाचा मोठा भाग गिळला. गावे उठली, सत्रेही हलवावी लागली.

नाशिकला यातून घेण्यासारखे काय?

गंगापूर धरणावर पर्यटन महामंडळाचा बोट क्लब आहे, पण तिथे कारागीर नाहीत. येवल्यात कारागीर आहेत, पण बोट नाही. बेट नसले तरी प्रश्न तोच. नाशिकपासून ८०-८५ किलोमीटरवरचे येवले मनमाड-शिर्डी रस्त्यावर आहे आणि २०२७ च्या सिंहस्थ कुंभमेळ्याला येणाऱ्यांपैकी काहीजण तरी शिर्डीला जाताना या वाटेने जातील. त्यांची गाडी पाऊण तास थांबेल. त्या पाऊण तासात ते माग पाहतील की फक्त काउंटर, यावर विणकराच्या घरात काय पोहोचते हे ठरेल.

पैठणीच्या पदरावर मोर किंवा कमळ विणताना प्रत्येक रंगाची कांडी वेगळी चालते आणि दिवसभरात काही इंचच काम पुढे सरकते. एका साडीला महिना लागतो, पदर भरलेला असेल तर कित्येक महिने. बहुतेक विणकरांची कमाई मजुरीवर, म्हणजे साडी उतरल्यावर. पाहुण्यांना समजावून सांगायला विणकर उठला की माग थांबतो आणि त्या वेळेचे पैसे त्याला कुणी देत नाही. मुरानोत तिकीट लावले गेले ते याचसाठी. येवल्यात माग पाहण्यासाठी पन्नास-शंभर रुपये लावले आणि ते थेट विणकराला मिळाले, तर पर्यटकाला ते जड जाऊ नयेत. जुन्या नाशिकमधील तांब्या-पितळेच्या कारागिरांबाबतही हाच हिशेब मांडता येईल.

तोवर गिऱ्हाइकाच्या हाती असलेली तपासणी सोपी आहे. पदर उलटा करून पाहावा. हातमागावरच्या पैठणीची नक्षी दोन्ही बाजूंनी सारखीच दिसते, यंत्रमागावरच्या साडीच्या उलट बाजूला सुटे किंवा कापलेले धागे लोंबताना दिसतात. सिल्क मार्क रेशीम शुद्ध असल्याचे सांगतो, ते हातमागावर विणले असल्याचे नाही. त्यासाठी हँडलूम मार्क वेगळा आहे. दोन-तीन हजारांना मिळते ती ‘सेमी’ किंवा यंत्रावरची. ती घेण्यात गैर काही नाही, फक्त दुकानदाराने ती यंत्रावरची आहे हे बिलावर लिहून द्यायला हवे. आणि विणकराच्या घरी गेलात, तर माग चालू असताना त्याच्या उजेडाच्या बाजूला उभे राहू नका.